'आला' आणि 'आले'

दिवाळी अंकातला समीक्षेचा लेख वाचक सर्वांत शेवटी वाचतात, हे मला ठाऊक आहे. आधी कथा होतात, मग व्यंगचित्रे, मग वार्षिक राशिभविष्य. आणि चकल्यांच्या डब्याचा तळ दिसू लागला की मग समीक्षेची पाळी येते. याबद्दल माझी तक्रार नाही. मी स्वतःही याच क्रमाने वाचतो. म्हणूनच आज एकही अवघड संज्ञा न वापरता, आपण सारे दिवसातून शंभरदा वापरतो त्या एका क्रियापदाविषयी लिहावे असे ठरविले आहे. 'येणे' हे ते क्रियापद. ते कोणासाठी 'आला' होते आणि कोणासाठी 'आले' होते, यात आपल्या समाजाची आणि आपल्या कादंबरीचीही एक जुनी खोड दडलेली आहे. ती मला एका सहावीतल्या मुलाने दाखवून दिली.

मी अंबरनाथ पश्चिमेस राहतो आणि शाळेत मराठी शिकवितो. वर्गात आयुध निर्माणीतल्या कामगारांची मुले आहेत, उल्हासनगरात दुकाने असलेल्या सिंधी कुटुंबांतली आहेत, रोज लोकलने मुंबईची कचेरी गाठणाऱ्यांची आहेत, आणि मलंगगडाच्या बाजूच्या वाड्यांवरून येणारी चार-दोन कातकरी व ठाकर मुलेही आहेत. गेल्या वर्षी आदरार्थी बहुवचन शिकवीत होतो. पाठ्यपुस्तकातले उदाहरण घेण्याऐवजी मी माझ्याच एका कादंबरीतली दोन वाक्ये फळ्यावर लिहिली. लेखकाचा हा मोह वाचकांनी पोटात घालावा. वाक्ये अशी होती : "पाटील ओसरीवर आले. अंगणात म्हातारा कातकरी मोळी टाकून उभा होता."

मागच्या बाकावरचा एक कातकरी मुलगा उठला.

"गुरुजी, पाटील मोठा का म्हातारा मोठा?"

"वयाने म्हातारा मोठा," मी म्हणालो.

"मग पाटील 'आले' आन् म्हातारा 'होता' कसा?"

वर्ग हसला. मीही हसलो, आणि शिक्षकाला उत्तर सुचत नाही तेव्हा तो जे उत्तर देतो तेच दिले : "तसा भाषेचा संकेत आहे, बस खाली." मुलगा बसला. घंटा झाली. पण घरी आल्यावर मला चैन पडेना. रात्री जेवणे आटोपल्यावर तीच कादंबरी आणि तांबडी पेन्सिल घेऊन बसलो. म्हाताऱ्या कातकऱ्याचा उल्लेख २७ ठिकाणी सापडला. २७ही ठिकाणी एकवचनी. त्याच कादंबरीतला सावकार पुरता नीच, वाचकाने त्याचा तिरस्कार करावा म्हणून मी जिवाचे रान केलेले. तरी तो मात्र 'आले', 'बसले', 'म्हणाले'. आणखी एक गोष्ट दिसली. पाटलांच्या बैलांना मी नावे दिली होती. म्हाताऱ्याला नाव नव्हते.

ती कादंबरी लिहिताना माझ्या मनात कातकऱ्यांविषयी करुणाच होती, हे मी शपथेवर सांगू शकतो. त्या म्हाताऱ्याच्या मृत्यूचे प्रकरण लिहिताना माझे डोळे ओलावले होते. मग हे घडले कसे? आजचा लेख मुख्यतः या प्रश्नासाठी आहे.

कोणी म्हणेल, एकवचनात अनादरच असतो असे थोडेच आहे? आपण 'आई आली' म्हणतो. विठ्ठलालाही 'तू' म्हणतो. अगदी खरे. एकवचनाला जिव्हाळ्याचे दार आहे आणि तुच्छतेचेही. मग कोण कोणत्या दाराने आला हे ओळखायचे कसे? माझ्या मते खूण सोपी आहे : तो 'तू' परत येऊ शकतो काय, एवढे पाहावे. आमच्या भागातल्या जुन्या कातकरी-वारली माणसांच्या बोलण्यात अहो-जाहो फारसे नाही. ती मास्तरांनाही 'तू' म्हणतात आणि मामलेदारालाही. एकदा एक पालक आमच्याकडे आला आणि शाळेतल्या एका वरिष्ठांना म्हणाला, "तू सांग मास्तर, पोराचं कसं काय?" वरिष्ठांचा चेहरा लाल झाला. शिपायाने त्या माणसाला बाहेर नेले. त्याच शिपायाने पाच मिनिटांपूर्वी त्याला "ए, तू तिकडं उभा राहा" म्हणून सांगितले होते, आणि त्यावर कोणाचाच चेहरा लाल झाला नव्हता. आणि पाहा, आत्ता हा प्रसंग सांगतानादेखील मी 'एक पालक आला' असेच लिहून गेलो. खोड अशी असते.

वंशभेद म्हटला की आपल्याला परदेश आठवतो. १८९३ साली पीटरमारित्झबर्गच्या फलाटावर गांधीजींना आगगाडीतून ढकलून दिले, ते आपण वर्गात शिकवितो आणि मुलांची रक्ते तापतात. तेथे ढकलणारा माणूस दिसतो, म्हणून राग कोणावर धरावा ते कळते. पण जेथे कोणीच कोणाला ढकलीत नाही, जो तो आपले नेमून दिलेले काम करतो, रकाने भरतो, संकेत पाळतो, आणि तरीही एक विशिष्ट माणूस दरवेळी फलाटावरच राहतो, तेथे राग कोणावर धरायचा? आपल्या कादंबरीची पंचाईत येथेच होते. तिला खलपुरुष लागतो. खलपुरुष नसलेला अन्याय तिला दिसत नाही. दिसला तर मांडता येत नाही.

ज्या थोड्या लेखकांना तो दिसला त्यांत विभावरी शिरूरकरांचे, म्हणजेच मालतीबाई बेडेकरांचे नाव मी प्रथम घेईन. त्यांची 'बळी' ही कादंबरी १९५० ची. इंग्रजांनी १८७१ साली गुन्हेगार जमातींचा कायदा केला. काही जमातींत जन्मास येणे हाच त्या कायद्याच्या लेखी गुन्हा होता. त्या जमातींची नोंद होई, हजेरी घेतली जाई, आणि पुढे तारेच्या कुंपणाआड वसाहती उभारून त्यांना तेथे ठेवण्यात आले. मालतीबाईंनी अशा वसाहतींच्या खात्यात नोकरी केली होती. त्यांच्या कादंबरीतले मांग-गारुडी त्यांनी लांबून पाहिलेले नव्हेत. परंतु 'बळी'चे मोठेपण केवळ या अनुभवात नाही. वसाहतीतले अधिकारी राक्षस असते तर कादंबरी सोपी झाली असती. मालतीबाईंनी कुंपणालाच पात्र केले. सुधारणेच्या नावाने घातलेले ते कुंपण आतल्या माणसाला रोज एकच गोष्ट सांगत राहते, की तू जन्मतः चोर आहेस. आणि बाहेरच्यालाही तेच सांगते.

तो कायदा देशभर १९५२ मध्ये रद्द झाला. पण कुंपण उपटले तरी खांबांचे खड्डे राहतात. १९५९ साली मुंबई राज्यात सराईत गुन्हेगारांसंबंधीचा कायदा आला, आणि जुन्या संशयाला नवा कागद मिळाला. अगदी अलीकडे, ३ ऑक्टोबर २०२४ रोजी, सर्वोच्च न्यायालयाला असा निर्णय द्यावा लागला की तुरुंगांच्या नियमपुस्तकांतील जातीवरून कामे वाटून देणारे नियम घटनाबाह्य आहेत, आणि कैद्यांच्या नोंदवहीतला जातीचा रकाना काढून टाकावा. विमुक्त जमातींना सवयीचे गुन्हेगार मानण्याची जी रीत त्या नियमांत मुरली होती, तिच्यावरही न्यायालयाने बोट ठेवले. स्वातंत्र्याला सत्त्याहत्तर वर्षे झाल्यावर एका रकान्यासाठी न्यायालयाची पायरी चढावी लागली! रकाना ही क्षुल्लक वस्तू नव्हे, हे माझ्यासारख्या हजेरीपत्रके भरण्यात आयुष्य घालविणाऱ्याला तरी कळावयास हवे होते.

व्यंकटेश माडगूळकरांची 'बनगरवाडी' (१९५५) ही तर आम्हा शिक्षकांची लाडकी कादंबरी. शाळामास्तरच तिचा निवेदक. अशी निर्मळ, कमी शब्दांत सारे सांगणारी मराठी क्वचितच कोणी लिहिली असेल. तिच्यात आनंदा रामोशी आहे. त्याचा हात चोरीला सरावलेला आहे, आणि माडगूळकरांनी त्याला इतक्या समजुतीने रंगविले आहे की वाचकाला त्याचा राग येत नाही, उलट त्याचा लळा लागतो. लेखकाला यात दोष देता येणार नाही. त्यांनी एक माणूस पाहिला आणि तो लिहिला. मी दोष देतो तो माझ्यातल्या वाचकाला. मी ही कादंबरी कितीतरी वेळा वाचली, मुलांना वाचून दाखविली. पण रामोशी आणि चोरी ही जोडी बैल आणि शिंगे यांसारखी निसर्गतःच पडलेली नाही, हा विचार माझ्या मनाला शिवला नाही. वास्तविक गावाची राखण हे रामोशांचे परंपरागत काम. त्यांच्यातल्याच उमाजी नाईकांनी इंग्रजांशी झुंज घेतली आणि १८३२ साली पुण्यात फाशी पत्करली. ज्यांच्या हाती गावाच्या किल्ल्या, त्यांच्याच माथी चोरीचा शिक्का कसा बसला, हा प्रश्न कादंबरीने विचारला नाही म्हणून वाचकानेही विचारू नये असे कोठे आहे?

आणि न विचारलेल्या प्रश्नाची किंमत कोणीतरी मोजतो. काही वर्षांपूर्वी आमच्याकडे पाण्याच्या टाकीचे चार पितळी नळ नाहीसे झाले. मला सांगण्यात आले, "जरा वाडीवरच्या पोरांची दप्तरे बघा." मी बघितली. दोन मुलांची दप्तरे मी स्वतःच्या हाताने बाकावर उपडी केली. एकात वह्या होत्या, दुसऱ्यात वह्या आणि चार चिंचा. दुसऱ्या दिवशी नळ दुरुस्त करणारा मिस्त्री आला आणि काढून नेलेले नळ बसवून गेला. मी त्या मुलांना काही म्हणालो नाही. म्हणजे क्षमा मागितली नाही. मनात म्हटले, आपण तरी काय, सांगितले तेवढेच केले. त्यांतल्या एका मुलाने पुढच्या आठवड्यापासून दप्तर आणणेच सोडले. वह्या हातात घेऊन येई.

आता स्तुतीकडे वळतो. निंदेपेक्षा ती अधिक फसवी असते. गो. नी. दांडेकरांची 'जैत रे जैत' ही ठाकरांच्या जीवनावरची कादंबरी आणि १९७७ साली जब्बार पटेलांनी तिच्यावर काढलेला चित्रपट या दोहोंवर माझे मनापासून प्रेम आहे. ढोल वाजविणारा नाग्या, त्याची चिंधी, लिंगोबाचा डोंगर आणि त्या कड्यावरची राणीमाशी, यांतून दांडेकरांनी माणसाच्या श्रद्धेची आणि ईर्ष्येची जी गोष्ट उभी केली ती कोणत्याही देशातल्या पुराणकथेच्या शेजारी बसावी. शिवाय तेथे ठाकर नायक आहे, त्याला नाव आहे, त्याला स्वतःचे दुःख आणि स्वतःचा पराक्रम आहे. परंतु चित्रपट गाजल्यावर आम्ही शहरी लोकांनी काय केले? ढोल ठेवला आणि ठाकर सोडून दिला. स्नेहसंमेलनात 'आदिवासी नृत्य' असते. त्यासाठी कॉलनीतल्या गोऱ्या मुलींच्या तोंडाला काजळ फासून, कमरेला पाने गुंडाळून त्यांना नाचविण्यात येते. वर्गातली खरीखुरी ठाकर मुलगी मात्र पडदा ओढण्याच्या कामावर असते. हे मी पाहिले आहे, आणि टाळ्याही वाजविल्या आहेत. 'भोळे', 'निष्पाप', 'निसर्गाची लेकरे' ही विशेषणे आपण त्यांना बहाल करतो ती अशी, की त्यांनी डोंगरावरच राहावे. निसर्गाच्या लेकराने विज्ञानाची वही मागितली की आपल्याला ते शोभेनासे वाटते.

या भोळेपणाच्या कल्पनेला मराठीत पहिला मोठा धक्का दिला तो गोदावरी परुळेकरांनी. 'जेव्हा माणूस जागा होतो' हे त्यांचे पुस्तक १९७० साली आले आणि १९७२ साली त्याला साहित्य अकादमीचा पुरस्कार मिळाला. आमच्या येथून लोकलने जेमतेम तासाभराच्या अंतरावरच्या टिटवाळ्याला जानेवारी १९४५ मध्ये किसान सभेची परिषद भरली. तिला आलेले वारली परत गेले ते वेठ करावयाची नाही हा विचार घेऊन. आणि त्याच वर्षी उंबरगाव-डहाणूच्या बाजूला वेठबिगार आणि लग्नगडी यांविरुद्ध उठाव झाला. लग्नाच्या कर्जापायी जन्मभर सावकाराचे गुलाम व्हावयाचे, ते लग्नगडी. गोदावरीबाईंच्या पुस्तकात वारली बोलतात, भांडतात, शंका काढतात, चुकतात, ठराव करतात. त्यांना विचार करताना पाहणे ही मराठी वाचकाला नवी गोष्ट होती. तरी 'जागा होतो' या शब्दांपाशी मी हल्ली अडखळतो. तो माणूस त्याआधी झोपला होता काय? की झोप आपली होती, आणि त्याचे बोलणे आपल्या कानावर पडले ते त्या वर्षी?

याचे उत्तर पुढच्या पिढीने स्वतःच लिहिले. लक्ष्मण मान्यांचे 'उपरा' १९८० चे, लक्ष्मण गायकवाडांचे 'उचल्या' १९८७ चे. भिल्ल कवी वाहरू सोनवण्यांचा 'गोधड' हा संग्रहही १९८७ चाच. या पुस्तकांतली भाषा शुद्ध नाही अशी कुरकुर मी शिक्षकांच्या खोलीत ऐकली आहे. तिच्यावर माझे म्हणणे एवढेच की आम्ही कादंबरीकार आमच्या कातकऱ्याच्या, ठाकराच्या, वारल्याच्या आणि भिल्लाच्याही तोंडी जी एकच 'आसंल-नसंल'ची गावरान मराठी घालीत आलो, ती तर कोणाचीच भाषा नव्हती. ती आमच्या लेखनटेबलावर जन्मली. कातकऱ्यांची बोली वेगळी, वारल्यांची वेगळी. पण मी चाळीस पाने संवाद लिहिले ते एकाही कातकऱ्याशी अर्धा तास न बोलता. कॅनडात तद्देशीय जमातींच्या मुलांना घरापासून तोडून निवासी शाळांत कोंडले, त्यांना त्यांची भाषा बोलू दिली नाही. त्या प्रकाराची चौकशी करणाऱ्या आयोगाचा अहवाल २०१५ मध्ये प्रसिद्ध झाला. आपण तसे काही केले नाही, असे मी अभिमानाने म्हणत असे. आपण फक्त मुलांना त्यांची बोली वर्गाच्या दाराबाहेर चपलांबरोबर काढून ठेवावयास सांगतो, आणि संध्याकाळी जोड सापडला नाही तर त्यांच्याच वेंधळेपणाला हसतो.

कातकरी हे नाव कातावरून आले. फराळानंतरचा आपला विडा ज्याने रंगतो, तो खैराचा कात काढणारे हे लोक. १८७८ च्या जंगल कायद्यानंतर राखीव रानांच्या हद्दी पडत गेल्या, खैरावरचा हात सुटला, आणि कात पाडणारे कोळसा पाडू लागले, मोळ्या विकू लागले, वीटभट्ट्यांवर राबू लागले. २००६ च्या वनहक्क कायद्याच्या प्रस्तावनेत या साऱ्याला 'ऐतिहासिक अन्याय' असे स्पष्ट म्हटले आहे. महाराष्ट्रातल्या ज्या तीन जमाती सरकारने विशेष दुर्बल म्हणून नोंदविल्या आहेत, त्यांत कोलाम आणि माडिया गोंड यांच्या बरोबरीने कातकरी आहेत. पावसाळ्यात पोटाला कमी पडते तेव्हा भट्टीचा मुकादम उचल देतो; दिवाळी झाली की ती फेडण्यासाठी सारे कुटुंब भट्टीवर जाते ते पुढच्या पावसापर्यंत. बदलापूरकडे जाताना रस्त्याकडेला ज्या भट्ट्या धुमसताना दिसतात, त्यांच्या आसपास जी खोपटी असतात, त्यांतच आमच्या पटावरची मुले असतात. बँकेतल्या कारकुनाचा मुलगा मध्येच शाळा सोडून गेला तर शेऱ्याच्या रकान्यात आम्ही लिहितो, 'वडिलांची बदली'. कातकऱ्याचा मुलगा गेला तर लिहितो, 'सतत गैरहजर'. दोन्ही मुलगे बापाच्या नोकरीपायीच गेलेले असतात. पहिल्याच्या वाट्याला कारण येते, दुसऱ्याच्या वाट्याला दोष. लिहिणारा हात एकच, आणि तो दुष्ट नाही. तो फक्त मागच्या वर्षीच्या पत्रकातून उतरवून घेतो.

मराठी कादंबरीबद्दल माझे म्हणणे शेवटी एवढेच आहे. आम्ही लेखकांनी आदिवासींवर दया केली, त्यांची स्तुती केली, त्यांच्यासाठी रडलोदेखील. पण मागच्या पत्रकातून उतरवून घेणे काही सोडले नाही. शेरा तोच राहिला. करुणा ही शेऱ्याच्या वर ठेवलेली फुले झाली.

माझ्या त्या कादंबरीची दुसरी आवृत्ती निघावयाची आहे. प्रथम वाटले, २७ ठिकाणी 'आला'चे 'आले' करून टाकावे, काम संपले. तसे करून पाहिले. पण 'म्हातारे कातकरी आले' हे वाक्य कसे तरीच दिसू लागले. एखाद्याला उसना कोट घालून लग्नात उभा करावा तसे. मग कळले की क्रियापदाने भागणार नाही, आधी नाव पाहिजे. आणि नाव सुचेना. कातकऱ्यांत म्हाताऱ्या माणसांची नावे काय असतात, हे इतकी वर्षे त्यांच्या शेजारी राहून मला ठाऊक नव्हते. शेवटी त्या मुलालाच विचारले. त्याने आपल्या आजोबांचे नाव सांगितले. ते येथे लिहीत नाही, कारण ते मी अजून त्यांना विचारलेले नाही. दिवाळीच्या सुट्टीत वाडीवर जाऊन विचारावे असे ठरविले आहे. भट्ट्या सुरू होण्यापूर्वी जावयास हवे. मुलाने सांगून ठेवले आहे, "भाऊबीज झाली का आमी जानार, गुरुजी. लौकर ये."

तो मला 'ये' म्हणाला. या वेळी वर्गातले कोणी हसले नाही, आणि मीही त्याला सुधारले नाही.